मदत हवी आहे : सुती कापडावरचे सायनोटाइप (उन्हात उमटवलेले निळे फोटो) प्रदर्शनात फिके पडू नयेत म्हणून काय करावे?

स्थलांतरित कुटुंबांचे जुने फोटो आणि त्यांच्याच आवाजातल्या आठवणी यांची एक मांडणी करतेय. फोटो स्कॅन करून त्यांच्या निगेटिव्ह पारदर्शक फिल्मवर छापल्या आणि सुती कापडावर सायनोटाइप काढले. कृती नेहमीचीच : फेरिक अमोनियम सायट्रेट, पोटॅशियम फेरिसायनाइड, ऊन, मग पाणी. कापडं छतापासून लोंबतील, मागे स्पीकर असतील, आणि लोकांनी त्यांना हात लावावा अशी माझी इच्छा आहे. त्यामुळे काचेची फ्रेम नको. डिजिटल छपाईही नको, कारण काही कुटुंबांनी स्वतःच्या हातांनी हे ठसे उमटवले आहेत.

अडचण अशी की नमुन्याचं कापड खिडकीजवळ टांगलं तर निळा रंग उतरतो. अंधारात ठेवल्यावर बराचसा परत येतो, पण प्रदर्शन दोन महिने रोज उघडं असणार. पांढरा भाग मात्र पिवळसरच राहतो. कापड आधी उकळून त्याची खळ काढली होती, शेवटचं पाणी सायट्रिक ॲसिड घालून आम्लधर्मी केलं होतं. साबण, सोडा अजिबात वापरलेला नाही, अल्कलीने हा रंग जातो म्हणून. दालनातला प्रकाश ५० लक्सवर (लक्स म्हणजे उजेड मोजायचं एकक), म्हणजे बराच मंद, ठेवायची तयारी आहे.

आठवणींच्या कामात थोडं विरणं मला चालेल, पण ज्यांनी विश्वासाने फोटो दिले त्यांचे चेहरे पुसले जाता कामा नयेत.

कापडाचा मऊपणा न घालवणारा, अल्कली नसलेला एखादा अतिनील-रोधक लेप कुणी सायनोटाइपवर प्रत्यक्ष वापरलाय का? आणि तो पिवळेपणा धुण्यात राहिलेल्या लोहक्षारांचा असेल, की कापडाचाच?