दरवाज्यांच्या शहरातली संध्याकाळ

छत्रपती संभाजीनगरचे सगळे जुने दरवाजे दिवसा स्वतःच्या गाडीने बघून होतात, मग संध्याकाळी वाटाड्यासोबत पायी कशाला फिरायचं, असं काही जण विचारतात. मी याच शहरात वाढलो, तरी आईला घेऊन वाटाड्यासोबत पायी फिरलो तेव्हाच आपलं गाव नीट कळलं.

भडकल दरवाज्यापासून सुरुवात करा. निजामशाहीचा वजीर मलिक अंबर याने मुघलांवरच्या विजयाची आठवण म्हणून तो 1612 मध्ये बांधला, तटबंदी मात्र औरंगजेबाने 1682 मध्ये उभारली. म्हणजे दरवाजा तटाहून सत्तर वर्षांनी मोठा! गाडीतून हे कोण सांगणार? मलिक अंबरच्याच नहर-ए-अंबरी या जुन्या पाणीयोजनेबद्दल तर आवर्जून विचारा. डोंगराकडचं पाणी जमिनीखालून, निव्वळ उताराच्या जोरावर गावात यायचं. आई म्हणाली, "आमच्याकडे आठवड्यातून एकदा नळ येतो रे!"

पुढे सिटी चौक, गुलमंडी. उन्हाळ्यात दिवस मावळल्यावरच निघा, दगड तेव्हाही तापलेलाच असतो. वयस्कर माणूस बरोबर असेल तर पाणचक्कीसाठी दुसरा दिवस ठेवा, एका दमात सगळं करू नका. आणि दरवाज्याखालून जाताना वर बघा, पण रिक्षांकडेही लक्ष असू द्या.