मदत हवी आहे : मित्र मेहुण्यावर वार करायच्या बेतात आहे

आम्ही ठाण्यात वागळे इस्टेटला एकाच चाळीत वाढलो. माझे वडील आजारी असताना रात्र-रात्र हॉस्पिटलात बसला तो हाच मित्र. त्याच्या धाकट्या बहिणीला सासरी मारहाण व्हायची. आता ती माहेरी आली आहे, हात प्लास्टरमध्ये.

परवा तलावपाळीवर तो मला म्हणाला, "त्याला मी सोडणार नाही." आवाज अगदी शांत, आणि त्याचीच भीती वाटली. मेहुणा ऐरोलीत कामाला आहे. त्याची सुटायची वेळ, रस्ता, सगळं याने हेरून ठेवलंय. कोयताही आणलाय. वर मला आईची शपथ घातली, कुणाला सांगायचं नाही.

त्याचा राग मला पटतो, बेत नाही. तो आत गेला तर बहिणीची केस कोण लढवणार? नवरा किंवा सासरच्यांच्या छळाविरुद्ध भारतीय न्याय संहितेचं कलम ८५ आहे, २००५ चा कौटुंबिक हिंसाचार कायदा आहे. पण तो ऐकूनच घेत नाही.

भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (फौजदारी प्रक्रियेचा कायदा) कलम ३३ प्रमाणे खुनाचा इरादा माहीत असेल तर पोलिसांना कळवणं बंधनकारक आहे. कलम १७० खाली पोलीस आधीच ताब्यात घेऊ शकतात. म्हणजे शपथ मोडावी लागणार, हे मला दिसतंय.

कुणी वकील किंवा पोलीस खात्यातले आहेत का? ११२ ला फोन करू की थेट चौकीत जाऊ? त्याच्या नावावर कायमचा डाग लागेल का? आणि त्याच्या आईला आधी सांगावं का? कृपया आजच सांगा.