मदत हवी आहे: मॉस्कोच्या घराण्याने त्वेरवर मात कशी केली?

कोकणी_पाखरू

नमस्कार मंडळी,

आमच्या वाचनालयात पुढच्या महिन्यात अफनासी निकितीनवर बोलायचं आहे. तोच तो, चौलला उतरलेला, जुन्नरात पावसाळा काढलेला आणि तिथल्या खानाने ज्याचा घोडा काढून घेतला तो रशियन व्यापारी. इकडचा भाग माझा पक्का आहे, घोडं अडलंय ते रशियात.

निकितीन त्वेरचा. प्रवासवर्णनाच्या सुरुवातीलाच तो आपला धनी म्हणून त्वेरच्या मिखाईल बोरिसोविचचं नाव घेतो, मॉस्कोच्या राजाचं नाही. परतीच्या वाटेवर तो स्मोलेन्स्कच्या अलीकडे वारला. त्याचं लिखाण पोचलं ते १४७५ साली मॉस्कोच्या दरबारातल्या एका कारकुनाकडे. पुढे दहाच वर्षांत खुद्द त्वेरही मॉस्कोच्या घशात गेलं. यावर श्रोते विचारणारच, की मॉस्को एवढं मोठं झालं कधी?

जिथे बघावं तिथे एकच साचेबंद उत्तर मिळतं: नद्या, व्यापार, चर्च, मंगोलांची मर्जी. अहो, पण नद्या त्वेरलाही होत्या! ते तर थेट व्होल्गेवर वसलेलं. शिवाय वारशाच्या रिवाजाप्रमाणे मॉस्कोवाल्यांचा थोरल्या गादीवर हक्कच नव्हता, असंही वाचलं. हे खरं का? मग गादी मिळाली कशी? जाणकारांनी प्रकाश टाकावा. पाच मिनिटांत सांगता येईल एवढंच हवंय.

कांदेपोहे

वाचनखूण साठवली. माझं रशियन ज्ञान 'इव्हान द टेरिबल'पाशी सुरू होऊन तिथेच संपतं, त्यामुळे रुमाल टाकून बसतो.

तळटीप

हक्क नव्हता हे खरं आहे, आणि माझ्या मते सगळी गोष्ट त्यातूनच उलगडते.

तेव्हाची थोरली गादी व्लादिमिर शहराची. ती बापाकडून मुलाकडे सरळ जात नसे. आधी भाऊ, मग पुढच्या पिढीतला ज्येष्ठ, असा क्रम असे. त्यात एक अट होती: ज्याचा बाप त्या गादीवर बसला नाही, त्याची शाखा रांगेतून बाद. मॉस्को मिळालं होतं अलेक्झांडर नेव्हस्कीच्या धाकट्या मुलाला, दानिईलला. भाऊबंदांत वाटणी झाली की शेंडेफळाच्या पदरी उरलंसुरलं येतं, तसंच ते. दानिईल १३०३ मध्ये वारला, थोरला भाऊ आंद्रेई अजून गादीवर असताना. म्हणजे दानिईलची मुलं, युरी आणि इव्हान, कायमची बाद.

१३०४ मध्ये आंद्रेई गेला. आता हक्क कुणाचा? त्वेरच्या मिखाईलचा. त्याचा बाप यारोस्लाव्ह, नेव्हस्कीचा भाऊ, त्या गादीवर बसलेला होता आणि नात्याने तो युरीचा चुलत काका. खानानेही त्यालाच सनद दिली. सनद लागायचीच, कारण १२३७–४० च्या स्वाऱ्यांनंतर हे सगळे राजे सुवर्ण टोळीचे, म्हणजे मंगोलांच्या पश्चिमेकडच्या राज्याचे, मांडलिक होते आणि व्होल्गेच्या खालच्या अंगाला सराय इथे जाऊन खानापुढे हजेरी लावत.

युरीने मात्र रिवाज गुंडाळून ठेवला. दानिईलनेच रियाझानकडून कोलोम्ना घेतलं होतं, निपुत्रिक पुतण्याकडून पेरेस्लाव्ल मिळवलं होतं. युरीने मोझाइस्क घेतलं आणि मॉस्क्वा नदी उगमापासून मुखापर्यंत घराण्याच्या हातात आली. मग तो सरायला गेला, टोळीचा खान उझबेक याच्या बहिणीशी, कोंचाकाशी, लग्न करून सनदच घेऊन आला. १३१७ मध्ये बोर्तेनेवोला मिखाईलने त्याला सपाटून मार दिला, पण लढाईत हाती लागलेली कोंचाका त्वेरच्या कैदेत मेली. तिथे मिखाईलचं सगळं फिसकटलं. खंडणी दडवली, कोंचाकाला विष घातलं, असे आरोप ठेवून टोळीत त्याच्या मानेत लाकडी खोडा अडकवला आणि २२ नोव्हेंबर १३१८ ला त्याला ठार केलं. त्वेरकडच्या वृत्तांतात एक प्रसंग आहे: मिखाईलचं प्रेत उघडं पडलेलं असताना कवगादी हा तातार, म्हणजे टोळीचा, सरदार युरीलाच सुनावतो, की हा तुला बापाच्या ठिकाणी ना, मग त्याचं अंग असं उघडं का? कवगादी स्वतः त्या खुनात सामील, तरी बोलतो हे. भाषणात हा प्रसंग नक्की घ्या.

पुढे सूडसत्र. मिखाईलच्या मुलाने, द्मित्रीने, १३२५ मध्ये सरायला युरीला मारलं, खानाने दुसऱ्या वर्षी द्मित्रीला संपवलं. आणि गंमत बघा, सनद परत त्वेरलाच दिली, द्मित्रीच्या भावाला. म्हणजे खान मॉस्कोच्या प्रेमात वगैरे अजिबात नव्हता. तो एकाला दुसऱ्याविरुद्ध झुंजवत होता.

कोकणी_पाखरू

तळटीप, दंडवत! पण सनद त्वेरकडे परत आली होती तर पुन्हा गेली कशी?

तळटीप

एका घोडीपायी, असं वृत्तांतकार सांगतात.

१३२७ साली खानाचा चुलत भाऊ चोल-खान त्वेरमध्ये तळ ठोकून बसला होता. राजाला त्याच्याच वाड्यातून हुसकून हा तिथे राहायला गेला. १५ ऑगस्टला सकाळी दुदको नावाचा चर्चचा सेवक आपली तरणी, धष्टपुष्ट घोडी पाण्यावर नेत होता. तातारांनी ती हिसकावली. हा ओरडला, 'त्वेरकरांनो, सोडू नका!' तलवारी निघाल्या, घंटा वाजल्या, शहर उठलं आणि चोल-खानासह दिसेल तो तातार मारला गेला. वाचले ते शहराबाहेर घोडे राखणारे. त्यांनी चांगले घोडे पकडले आणि मॉस्को गाठलं.

मॉस्कोत तेव्हा युरीचा भाऊ इव्हान होता, थैलीवाला म्हणून ओळखला जाणारा इव्हान कलिता. तो लगोलग टोळीत पोचला आणि तातार फौज घेऊन त्वेरवर आला. त्वेर जळून बेचिराख झालं, राजा प्स्कोव्हला पळाला. तरी खानाने पूर्ण गादी लगेच दिली नाही. १३२८ मध्ये इव्हान आणि सुझ्दालचा राजा यांच्यात ती वाटली. सुझ्दालवाला १३३१ मध्ये वारला, मग सगळं इव्हानकडे आलं.

तुमच्या मूळ प्रश्नाचं उत्तर इथे आहे. मिखाईलला आणि त्याच्या मुलांना स्वतःचा हक्क होता. खानाची मर्जी गेली तरी लोक त्यांना मानत. इव्हानकडे सनदेशिवाय काहीच नव्हतं, त्यामुळे तो खंडणी वेळेवर पोचवणार याची खानाला खात्री. इतर संस्थानांची खंडणीही त्याच्याच हातून जाऊ लागली. जाताना थैलीत काही राहत असणारच.

उंबरठा

तळटीप यांनी छान लिहिलंय, पण सगळं खानावर ढकलू नका. मोठ्या पाद्र्यांकडेही बघा. महाधर्मगुरू प्योत्रची नेमणूक झाली तेव्हा त्वेरच्या मिखाईलला आपला माणूस हवा होता. त्याने प्योत्रवर आरोप करवले, ते टिकले नाहीत आणि वैर मात्र कायमचं झालं. प्योत्र १३२५ च्या सुमारास मॉस्कोत राहायला आला, पुढच्या वर्षी तिथेच वारला आणि पुरला गेला. त्याचा उत्तराधिकारीही मॉस्कोतच राहिला. कागदोपत्री राजधानी व्लादिमिर, पण चर्चचा कारभार मॉस्कोतून. पुढे १३५९ मध्ये इव्हान कलिताचा नऊ वर्षांचा नातू द्मित्री मॉस्कोच्या गादीवर आला आणि सनद सुझ्दालच्या राजाने पटकावली, तेव्हा घराणं सावरलं ते महाधर्मगुरू अलेक्सीने.

दुसरं, प्लेग. हे ऐकायला क्रूर आहे, पण इतर घराणी वाटण्या करकरून बारीक झाली आणि मॉस्को झालं नाही, याचं मोठं कारण १३५३ ची साथ. इव्हान कलिताने मृत्युपत्रात तिन्ही मुलांना वाटे दिले होते: थोरल्या सेम्योनला मोझाइस्क आणि कोलोम्ना, मधल्या इव्हानला झ्वेनिगोरोद, धाकट्या आंद्रेईला सेर्पुखोव्ह. साथीत सेम्योन गेला, त्याची मुलं गेली, आंद्रेईही गेला. मधल्याकडे बहुतेक सगळं गोळा झालं. आंद्रेईचा मुलगा त्याच सुमारास जन्मला, म्हणून सेर्पुखोव्हची तेवढी शाखा राहिली.

कांदेपोहे

आणि कुलिकोवो? द्मित्री दोन्स्कोय? एवढंच मला माहीत होतं आणि तेच कुणी लिहीत नाही!

उंबरठा

घ्या, तुमच्यासाठी. १३८० मध्ये कुलिकोवोच्या लढाईत याच द्मित्रीने, म्हणजे दोन्स्कोयने, टोळीच्या ममाई या सरदाराला हरवलं. दोनच वर्षांत टोळीचा खान तोख्तामिश याने येऊन मॉस्को जाळलं आणि खंडणी पुन्हा सुरू झाली. म्हणून मी लढाईपेक्षा द्मित्रीच्या १३८९ च्या मृत्युपत्राला जास्त मानतो. त्यात तो व्लादिमिरची गादी आपलं वडिलोपार्जित वतन असल्यासारखी सरळ मुलाच्या नावे करतो. खानाला विचारणं नाही की काही नाही. ज्यांच्या आजोबांना रांगेत उभं राहण्याचाही हक्क नव्हता, त्यांची ही हिंमत! पुढे असंही लिहितो, की देवाने टोळीचे दिवस पालटलेच तर मुलांनी तिकडे खंडणी देऊ नये, जो तो आपल्या मुलखातली स्वतःकडे ठेवील.

कोकणी_पाखरू

मृत्युपत्राचं काम झालं, तो कागद मी वाचूनच दाखवणार. शेवटचं एक: १४८५ मध्ये त्वेर लढलं का?

तळटीप

फारसं नाही. मधल्या काळात मॉस्कोतही भाऊबंदकी माजली होती, १४४६ मध्ये तर मॉस्कोचा राजा वासिली दुसरा याचेच डोळे काढले गेले. पण तो आंधळा राजाच शेवटी जिंकला. त्याच्या मुलाचं, इव्हान तिसऱ्याचं, पहिलं लग्न झालं होतं त्वेरच्या मारियाशी. ती तुमच्या मिखाईल बोरिसोविचची बहीण. म्हणजे त्वेर घेतलं ते मेव्हण्याने. मिखाईल लिथुआनियाच्या राजाशी संधान बांधत होता, तेच निमित्त झालं. वेढा पडल्यावर त्याचे सरदारच मॉस्कोला जाऊन मिळाले आणि तो रात्रीतून लिथुआनियाला निघून गेला. इव्हानने त्वेर दिलं मारियाच्या मुलाला, म्हणजे मिखाईलच्या भाच्याला.

वंशावळीच्या तक्त्यात नेव्हस्की आणि त्याचा भाऊ यारोस्लाव्ह शेजारी शेजारी दाखवा. एकाखाली मॉस्को, दुसऱ्याखाली त्वेर. बाकीचे रुरिकवंशी (या सगळ्या राजांचा मूळपुरुष रुरिक) घेतलेत तर पाच मिनिटांत आटोपणार नाही.