मदत हवी आहे : मारणारा माझा सख्खा भाऊ आहे, भावजयीसाठी मी काय करू शकते?

मोठी नणंद (धागाकर्ती)

नमस्कार. मी अमरावतीजवळच्या एका शाळेत शिक्षिका आहे. माझे माहेर यवतमाळ जिल्ह्यातील एका लहान गावात असून तालुक्याचे ठिकाण तिथून चौदा किलोमीटरवर आहे. घरी धाकटा भाऊ, भावजय, अकरा वर्षांची भाची, सहा वर्षांचा भाचा आणि आमची आई अशी पाच माणसे आहेत. भाऊ गेली बारा वर्षे भावजयीला मारतो आहे. हे वाक्य लिहायला मला जवळजवळ तेवढीच वर्षे लागली, कारण सुरुवातीला मीही "नवराबायकोचे आहे, निवळेल" असेच म्हणत होते, आणि ज्याला कडेवर घेऊन वाढवले त्याच्याबद्दल असे काही ऐकून घेण्याची माझी तयारी नव्हती.

या दिवाळीत मी चार दिवस माहेरी होते. दुसऱ्या दिवशी तिन्हीसांजेला रस्त्यावर मोटारसायकलचा आवाज आला, तशी भाची अभ्यासावरून उठली, विळा आणि कुऱ्हाड गोठ्यातील कुटाराच्या ढिगात खुपसून आली आणि पुन्हा वहीसमोर बसली. तिला कोणी काही सांगितले नव्हते. मी विचारले तेव्हा वर न पाहता म्हणाली, "गाडी फाटकापाशी बंद पडली का बाबा पिऊन असते, आत्या." त्या रात्री कारण निघाले लाडकी बहीण योजनेच्या दीड हजारांचे. पासबुक आणि एटीएम कार्ड त्याच्याकडेच असते, बचत गटातून तिच्या नावावर उचललेले कर्जही त्यानेच खर्च केले आणि हप्ते ती कापूस वेचणीच्या मजुरीतून फेडते. भाचीच्या वह्यांसाठी तिने त्यातले दोनशे रुपये मागितले होते, एवढेच.

गावात सगळे म्हणतात की पराटी (कापसाचे पीक) बुडाली, डोक्यावर कर्ज आहे, म्हणून माणूस पितो आणि पितो म्हणून मारतो. मला हे आता पटत नाही. २०२२ मध्ये कापूस क्विंटलला दहा हजारांच्या वर गेला होता आणि आमच्या घरी नवी मोटारसायकल आली होती, त्या वर्षीही भावजयीचा हात प्लास्टरमध्ये होता. शिवाय तो कितीही प्यालेला असला तरी जिनिंगमध्ये कापसाचे वजन करणाऱ्याला किंवा व्याजाने पैसे देणाऱ्याला त्याने कधी बोट लावलेले नाही.

आतापर्यंत जे झाले ते असे. हात मोडला तेव्हा दवाखान्यात भावजयीने "विहिरीपाशी पाय घसरला" असे सांगितले, कारण भाऊ शेजारी उभा होता, आणि कागदावरही तेच आले. गेल्या वर्षी ती एकदा पोलीस ठाण्यात गेली. तिथे अदखलपात्र (पोलीस स्वतःहून तपास करत नाहीत अशी) नोंद करून "गावात मिटवा" असे सांगण्यात आले. पोळ्याच्या आठवड्यात गावातील चार मोठ्या माणसांनी बैठक बोलावली, भावाने हात जोडले आणि यापुढे दोघेही तक्रार करणार नाहीत असा मजकूर स्टॅम्पपेपरवर लिहून दोघांच्या सह्या घेतल्या. मार तिने खाल्ला होता, तरी सही तिचीही घेतली.

माझे प्रश्न आहेत ते हे. भावजयीच्या माहेरी फक्त थकलेले वडील आहेत. मग तिच्या वतीने मी, म्हणजे मारणाऱ्याची बहीण, कुठे तक्रार देऊ शकते का? घर आणि सात एकर शेत अजून आमच्या दिवंगत वडिलांच्या नावावर आहे, अशा घरात राहण्याचा तिचा हक्क किती? आणि जे लिहायला संकोच वाटतो ते म्हणजे आई. ती भावाच्या बाजूने बोलते, पण ती सत्तर वर्षांची आहे. तिला पोलीस ठाण्यात बसलेली पाहण्याची माझ्यात ताकद नाही. भावजयीला विचारले तर ती एवढेच म्हणते, "ताई, कापूस घरात येऊ द्या, मंग पाहू." मी थांबावे का?

पळसफूल

मी काही वर्षे विदर्भातच महिलांच्या समुपदेशनाचे काम केले आहे, म्हणून थोडे सविस्तर लिहिते.

तुमच्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर होय असे आहे. कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण अधिनियम, २००५ हा कायदा २६ ऑक्टोबर २००६ पासून लागू आहे. त्याच्या कलम ४ नुसार हिंसा होत असल्याची माहिती कोणतीही व्यक्ती संरक्षण अधिकाऱ्याला देऊ शकते आणि चांगल्या हेतूने दिलेल्या माहितीबद्दल तिच्यावर कोणतीही जबाबदारी येत नाही. तुमच्या तालुक्याचा संरक्षण अधिकारी कोण आहे हे महिला व बालविकास विभागाच्या जिल्हा कार्यालयात कळेल. तो घटनांचा अहवाल विहित नमुन्यात भरून न्यायदंडाधिकाऱ्यांकडे पाठवतो. याच कायद्यात मारहाणीबरोबर शिवीगाळ, लैंगिक जबरदस्ती आणि आर्थिक छळ हेही हिंसाचारात मोडतात, त्यामुळे पासबुक काढून घेणे आणि गटाचे कर्ज तिच्या माथी मारणे या गोष्टी अहवालात तारखांसह लिहवून घ्या. बायका त्या सांगायच्याच विसरतात, कारण त्यांना तो छळ वाटतच नाही, संसार वाटतो.

दवाखान्याबद्दल : कलम ७ प्रमाणे पीडित स्त्रीने किंवा तिच्या वतीने संरक्षण अधिकाऱ्याने मागणी केल्यास वैद्यकीय मदत द्यावीच लागते. पुढच्या वेळी तिच्यासोबत भावाऐवजी दुसरी बाई असेल एवढे पाहा आणि दुखापत कशी झाली हे तिच्याच शब्दांत केसपेपरवर उतरवून घ्या. "पडले" असे लिहिलेला कागद पुढे तिच्याच विरोधात वाचला जातो.

एक सावधगिरी. १८१ ही महिला हेल्पलाइन आणि ११२ हा पोलिसांचा क्रमांक तिला पाठ करून द्या, पण तिच्या मोबाइलवरून चौकशीचे फोन करू नका. भाऊ तो मोबाइल पाहतोच, असे गृहीत धरा. चौकशी तुम्ही तुमच्या फोनवरून करा. जखमांचे फोटो तुमच्याकडे येऊ द्या आणि तिच्याकडून पुसले जाऊ द्या. रेशनकार्ड, आधार, मुलांचे जन्मदाखले यांच्या प्रती तुमच्या घरी ठेवा.

"कापूस घरात येऊ द्या" या वाक्याला मात्र भित्रेपणा समजू नका. वेचणी हीच वर्षातली अशी वेळ असते की तिच्या हातात स्वतःची मजुरी पडते. कोणत्या दिवशी तो कसा असतो, कोणत्या दिवशी घर सोडणे शक्य आहे, हे तिला तुमच्यामाझ्यापेक्षा जास्त कळते. तिला न सांगता परस्पर तक्रार दिलीत आणि त्या रात्री ती त्याच घरात एकटी असली, तर काय होईल याचा आधी विचार करा. वाट पाहा, पण हात बांधून नको. कागद आत्तापासून जमवा.

कास्तकार

ताई, राग मानू नका, पण सख्ख्या भावाविरुद्ध बहीणच उभी राहिली तर घर टिकेल कसे? कायद्याचा गैरवापरही बराच होतो. दारू सोडवण्याचे उपचार करून पाहा, माणूस मुळात वाईट नसेल.

मोठी नणंद

दारू सोडवण्याचे उपचार २०१९ मध्ये झाले आहेत, खर्च मीच केला होता. सात महिने तो प्यायला नाही आणि त्या सात महिन्यांत त्याने तिला दोनदा मारले. घर टिकले आहे असे आपण म्हणतो ते बाहेरून पाहून. आत अकरा वर्षांचे पोर कुऱ्हाड लपवते आहे.

तालुका वकील

घर आणि आई या दोन मुद्द्यांपुरते लिहितो.

घर कोणाच्या नावावर आहे याला या कायद्यात महत्त्व नाही. लग्नसंबंधामुळे ज्या सामायिक घरात ती राहत आली त्या घरात राहण्याचा हक्क कलम १७ तिला देते, आणि ते घर सासरच्या नातेवाइकांच्या मालकीचे असले तरी सामायिक घर ठरू शकते असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये स्पष्ट केले आहे. कलम १९ खाली न्यायदंडाधिकारी नवऱ्याला घराबाहेर राहण्याचा आदेशही देऊ शकतात. तुमच्या दृष्टीने महत्त्वाचे हे की असा बाहेर काढण्याचा आदेश कोणत्याही स्त्रीविरुद्ध देता येत नाही, हे त्या कलमातच लिहिलेले आहे. म्हणजे भाऊ बाहेर आणि आई घरात, हे कायद्याने शक्य आहे. मुळात अर्जात आईचे नाव घातलेच पाहिजे असेही नाही.

फौजदारी बाजू वेगळी आहे. नवरा व सासरच्यांकडून होणाऱ्या छळाचे जुने कलम ४९८-अ आता १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेच्या कलम ८५ आणि ८६ मध्ये आले आहे आणि शिक्षा तीन वर्षांपर्यंत आहे. हा गुन्हा दखलपात्र ठरण्यासाठी माहिती पीडितेने किंवा तिच्याशी रक्ताने, विवाहाने अथवा दत्तकाने नाते असलेल्या व्यक्तीने द्यावी लागते. नणंद ही विवाहाने झालेली नातेवाईकच आहे, तेव्हा तुम्ही माहिती देऊ शकता. ठाण्याने नोंदवून घेतली नाही तर पोलीस अधीक्षकांना लेखी कळवा, आणि तरीही काही झाले नाही तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जाता येते. अटकेची धास्तीही थोडी कमी करा, कारण सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यात सरसकट अटक करू नये असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्येच बजावले आहे.

स्टॅम्पपेपरच्या त्या कागदाने तिचा तक्रारीचा हक्क संपत नाही. उलट तो जपून ठेवा. भावाने हात जोडले म्हणजे आधी काही घडले होते, हे त्यातच आले आहे.

वकिलाची फी हा अडसर मानू नका. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ नुसार स्त्रीला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. तालुका विधी सेवा समितीकडे साधा अर्ज पुरतो, चौकशीसाठी १५१०० हा क्रमांक आहे. ती तात्पुरती तुमच्याकडे राहायला आली तर कौटुंबिक हिंसाचार कायद्याखालचा अर्ज तुमच्या ठिकाणच्या न्यायालयातही करता येतो. पहिली तारीख तीन दिवसांत आणि निकाल साठ दिवसांत असे कायदा म्हणतो. प्रत्यक्षात उशीर होतो, म्हणून त्याच कायद्याच्या कलम २३ खाली अंतरिम (निकालापर्यंतचा) आदेश पहिल्याच अर्जात मागा. आदेश मोडला तर एक वर्षापर्यंत कैद किंवा वीस हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही.

मोठी नणंद

वकील साहेब, आणखी एक विचारते. दिवाळीत भावाने माझ्यापुढे हक्कसोडपत्राचा कागद ठेवला होता. वडिलांच्या शेतातील आणि घरातील माझा हिस्सा मी सोडावा असे त्याचे म्हणणे आहे. मी चष्मा नाही असे सांगून वेळ मारून नेली.

तालुका वकील

चष्मा सध्या सापडू देऊ नका. २००५ च्या दुरुस्तीनंतर हिंदू वारसा कायद्यात मुलीचा हक्क मुलाइतकाच आहे. तुमचे नाव त्या मालमत्तेत राहणे ही या घडीला भावजयीसाठीही पाठराखण आहे.

बाभूळबन

मी वर्धा जिल्ह्यातील आहे. हे सगळे माझ्या अंगावरून गेले आहे, त्यामुळे फक्त पैशाबद्दल सांगते. आधार दुसऱ्या खात्याला जोडले की योजनेचे पैसे त्या खात्यात जातात, पोस्टमन घरबसल्या खाते उघडून देतो. मी तसे केले, पण चूक ही झाली की मी तेव्हा अजून त्याच घरात होते. महिन्याचे पैसे आले नाहीत हे त्याला पाचव्या दिवशी कळले. भावजय सुरक्षित जागी पोहोचेपर्यंत खात्याला हात लावू नका.

आणि देशात दर तीन-चार विवाहित बायकांत एक, आपल्या महाराष्ट्रात चारांत एक नवऱ्याच्या हिंसेला सामोरी गेलेली, असे २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत आले होते. मार खाणाऱ्यांपैकी मदत मागणाऱ्या मात्र शंभरात चौदाच. मी वेचणीला जायचे तेव्हा आमच्या ओळीत आठ बायका असत आणि कोणाच्या लुगड्याखाली काय आहे हे सगळ्यांना माहीत असे, बोलत कोणीच नसे.

मोठी नणंद (तीन आठवड्यांनंतर)

सर्वांचे आभार. दोन रविवार मी माहेरी जाऊन भावजयीसोबत वेचणी केली. घरात आई असते, ओट्यावर शेजारी असतात. पराटीच्या ओळीतच काय ते मोकळे बोलता येते. वेचलेल्या कापसाने ओटी भरेपर्यंत ती काही बोलली नाही. नंतर वर्षावर्षाचे सांगत गेली, आणि मी संध्याकाळी बसमध्ये ते वहीत उतरवून काढले.

मागच्या गुरुवारी पुन्हा मारहाण झाली. या वेळी अंगणवाडी सेविका तिला दवाखान्यात घेऊन गेल्या आणि केसपेपरवर "पतीने काठीने मारल्याचे सांगते" असे लिहून आले. त्याची प्रत माझ्या शाळेच्या डायरीत आहे. शनिवारी कापूस विकला गेला, रविवारी ती दोन्ही मुलांना घेऊन माझ्याकडे आली, आणि काल संरक्षण अधिकाऱ्यांनी अहवाल भरून घेतला. मी आईला फोन केला. तिने एवढेच विचारले की बकऱ्यांना चारा कोण टाकेल.

आता एकच शंका उरली आहे. भाचीने कोर्टात सर्वांसमोर उभे राहून सांगावे असे होईल का? कुऱ्हाडीचे तिने मला सांगितले ते विश्वासाने सांगितले होते.

तालुका वकील

पुरावा मुलीच्या आईचा म्हणजे भावजयीचा, कागदपत्रांचा आणि तुमचा उभा करता येतो. मुलीला पुढे करू नका असे वकिलांना आधीच सांगून ठेवा. शिवाय कौटुंबिक हिंसाचार कायद्याच्या कलम १६ प्रमाणे दोघांपैकी एका पक्षाची इच्छा असली तरी न्यायदंडाधिकारी सुनावणी बंद खोलीत घेऊ शकतात. तशी विनंती अर्जातच घाला.

मोठी नणंद

घालते. अर्जाचा मसुदा उद्या तयार होईल.