गोलानला कचरेवाला म्हणणाऱ्यांनो, जरा थांबा

गल्लीतला_प्रेक्षक:
काल इथं एकाने लिहिलं, "मेनाहेम गोलान (इस्रायली निर्माता) म्हणजे कचरा सिनेमांचा कारखानदार, त्याची कॅनन ही सिनेमा कंपनी बुडाली ते बरंच झालं". वाचून डोकं फिरलं म्हणून लिहितोय. १९७९ ला तो आणि चुलतभाऊ योराम ग्लोबस रखडलेली कॅनन विकत घेतात, चक नॉरिसची मारधाड काढतात, आणि त्याच कंपनीतून अमेरिकन दिग्दर्शक कासाव्हेटीसचा 'लव्ह स्ट्रीम्स' येतो, १९८४ ला बर्लिन महोत्सवात गोल्डन बेअर हे सर्वोच्च पारितोषिक घेऊन जातो. 'रनअवे ट्रेन'ला तीन ऑस्कर नामांकनं. गोदारसारख्या फ्रेंच प्रयोगशील दिग्दर्शकाला सुद्धा पैसे दिले. मारधाडीच्या कमाईवर हे उभं राहिलं, एवढं तरी माना.

हिशेबी_माणूस:
कमाईवर नाही हो, कर्जावर. स्क्रिप्टचा पत्ता नसताना फ्रान्सच्या कान महोत्सवात पोस्टर लावायचं, देशोदेशीच्या वितरकांकडून करार घ्यायचे, ते बँकेत दाखवून कर्ज उचलायचं. माझ्या काकांनी एका निर्मात्याला असेच पैसे दिले, सही-शिक्क्याचा कागद अजून कपाटात आहे, पैसे गेले. आणि 'सुपरमॅन ४' बघा, बजेट निम्म्यावर आणलं, न्यूयॉर्कचं यूएन इंग्लंडात मिल्टन कीन्सच्या स्टेशनाबाहेर उभं केलं. प्रेक्षकाला एवढं गृहीत धरायचं?

गल्लीतला_प्रेक्षक:
काकांचं वाईट झालं, पण त्याचा राग गोलानवर कशाला? कॅननच्या आधीचं बघा की. १९६४ चा 'सलाह शबाती' त्यानेच काढला, पूर्वेकडून इस्रायलला येऊन छावणीत राहणाऱ्या सलाह नावाच्या ज्यू बापाची गोष्ट, ऑस्करचं नामांकन मिळालेला पहिला इस्रायली सिनेमा.

रेवदंड्याची_नात:
त्या सिनेमाचं नाव काढलंत म्हणून बोलते. आम्ही बेने इस्रायल, म्हणजे कोकणातले मराठी ज्यू. आजीची बहीण रेवदंड्याहून इस्रायलला गेली, तिला वाळवंटात दिमोनाला नेऊन टाकलं. ज्या वर्षी लोक थेटरात सलाहला हसत होते त्याच वर्षी आमची माणसं जेरुसलेमला रस्त्यावर बसली होती, कारण रब्बी, म्हणजे ज्यू धर्मगुरू, लग्नाआधी आमच्या पिढ्यांची चौकशी लावत होते. आणि पडद्यावर पूर्वेकडचा ज्यू कसा, तर आळशी, पत्ते कुटणारा, पोरगी विकायला निघालेला. सलाहची भूमिका करणारा नट टोपोल पोलंडकडच्या घरातला. त्या पिढीला हे किती लागलं ते आमच्या घरात विचारा.

मोशाव_वाला:
ताई, तुमचं दुःख खरं, पण सिनेमा परत बघा. झाडं लावायच्या सीनमध्ये देणगीदार बदलला की तोच अधिकारी त्याच रानातली पाटी बदलतो. घर पाहिजे म्हणून मिळत नाही, 'घर नको' म्हणून मोर्चा काढल्यावर मिळतं. टिंगल कोणाची आहे? दिग्दर्शक किशोन स्वतः हंगेरीहून जीव वाचवून आलेला, त्याला तशी स्थलांतरितांची छावणी माहीत होती.

रेवदंड्याची_नात:
दोघांची आहे. अधिकारी हसून घरी जातो, आम्हाला शाळेत सलाहची पोरं म्हणून चिडवलं की ते आयुष्यभर राहतं. बघा तुम्ही दहा वेळा.

हिशेबी_माणूस:
यावर मी ताईंच्या बाजूने.

गल्लीतला_प्रेक्षक:
हिशेबी, विषय कर्जाचा होता, इथं बाजू घेऊन सुटू नका. ताई, पाटीचा सीन मला अजूनही भारी वाटतो, पण पोरगी विकायचा भाग मीही हसत बघितला होता, तिथं तुमचं ऐकतो. गोलानला १९९९ ला इस्रायल प्राइझ हा तिथला सरकारी सन्मान मिळाला तो मात्र योग्यच होता.

रेवदंड्याची_नात:
प्राइझ देणारे कोण, तेही बघा.