अलेक्सेई क्रावचेन्कोची कारकीर्द एका चित्रपटात संपली, असे म्हणणाऱ्यांसाठी

जुना प्रेक्षक :
दोन दिवसांपूर्वी रानवारा यांनी युद्धपटांवर लिहिलेल्या लेखात 'कम अँड सी' या नाझींच्या ताब्यातल्या बेलारूसवरच्या सोव्हिएत युद्धपटात फ्ल्योराची भूमिका करणाऱ्या मुलाविषयी, म्हणजे अलेक्सेई क्रावचेन्कोविषयी, असे विधान आले की, दिग्दर्शक एलेम क्लिमोव्हने एका चौदा वर्षांच्या पोराला पिळून घेतले, काम झाल्यावर वाऱ्यावर सोडले आणि पुढे त्या पोराचे नावही कोणाच्या कानी आले नाही. त्यावर बऱ्याच जणांनी माना डोलावल्या. ज्याच्याविषयी एवढा कळवळा दाखवायचा, त्याची साधी माहितीही घ्यायची नाही, हे मला पटले नाही म्हणून सविस्तर लिहीत आहे.

अलेक्सेई क्रावचेन्कोचा जन्म 1969 चा. मित्राला सोबत म्हणून तो निवड-चाचणीला गेला आणि निवड त्याचीच झाली. बेलारूसमध्ये सुमारे नऊ महिने चित्रीकरण चालले आणि तेही कथेच्या क्रमाने, त्यामुळे फ्ल्योराच्या चेहऱ्यावर चढत जाणारे म्हातारपण हे केवळ रंगभूषेचे काम नाही. 1985 मध्ये चित्रपटाला मॉस्को महोत्सवात सुवर्ण पारितोषिक मिळाले आणि सोव्हिएत संघात सुमारे 2 कोटी 90 लाख प्रेक्षकांनी तो पाहिला. एवढे यश मिळाल्यावरही हा मुलगा लगेच दुसऱ्या भूमिकेच्या मागे धावला नाही. तो तंत्रशाळेत गेला, त्याने नौदलातली सक्तीची सेवा पुरी केली, मग मॉस्कोच्या श्चुकिन नाट्यविद्यालयात रीतसर शिकून तो 1995 मध्ये बाहेर पडला, वाख्तांगोव्ह नाट्यगृहात त्याने बारा वर्षे काढली आणि 2007 पासून तो मॉस्को आर्ट थिएटरच्या नटसंचात आला. मधल्या काळात 'झ्वेझ्दा' (2002) आणि रशियात प्रचंड चाललेला 'नाइन्थ कंपनी' (2005) हे चित्रपट आहेतच. याला कारकीर्द म्हणत नसतील, तर आपल्याकडच्या निम्म्या नटांनी उद्यापासून दुसरा व्यवसाय शोधावा.

रानवारा :
तो लेख माझा आहे, तेव्हा उत्तर देणे भाग आहे. 'नाव कोणाच्या कानी आले नाही' हे वाक्य आपल्या समाधानासाठी मी मागे घेतो. त्याऐवजी 'रशियाबाहेर फारसे कोणाच्या कानी आले नाही' असे वाचावे. मात्र माझ्या मूळ आक्षेपाला आपण हातही लावलेला नाही. त्या मुलाला पुढे काम मिळाले की नाही, हा माझा प्रश्नच नव्हता. त्याच्या डोक्यावरून खऱ्या गोळ्या गेल्या, त्याला दलदलीत उतरवले गेले, गाव जाळण्याच्या प्रसंगात त्याला दिवसेंदिवस उभे केले गेले. तो यातून सुखरूप बाहेर आला हे त्याचे नशीब, आणि नशिबाच्या जोरावर दिग्दर्शकाला निर्दोष ठरवता येत नाही. दारू पिऊन गाडी हाकणारा एखाद्या रात्री घरी नीट पोहोचला, म्हणून आपण त्याचे कौतुक करत नाही.

अक्षरवेल :
गोळ्यांचा विषय निघालाच आहे, तर त्या गाईविषयी कोणीच का बोलत नाही? रात्रीच्या शेतात ट्रेसर गोळ्या, म्हणजे उजेडाची रेघ ओढत जाणाऱ्या गोळ्या, येतात, गाय कोसळते, आणि कॅमेरा तिच्या फिरणाऱ्या डोळ्यापाशी थांबतो. मी फिल्म सोसायटीच्या खेळाला हा चित्रपट पाहिला, तेव्हा त्या क्षणी उठून बाहेर आले आणि पुन्हा आत गेले नाही. मुलाला निदान आईबाप होते, त्याला 'नाही' म्हणता येत होते. जनावराला तीही सोय नव्हती.

जुना प्रेक्षक :
अक्षरवेल, आपल्या भावना समजतात. पण ज्या चित्रपटात माणसांनी भरलेले कोठार पेटवले जाते, तिथे गाईसाठी उठून बाहेर जाणे मला अनाकलनीय वाटते. बेलारूसमधली 628 गावे माणसांसकट जाळली गेली, असे चित्रपटाच्या शेवटी लिहून येते. आपण बाहेर गेल्यामुळे ते वाचायचे राहून गेले असावे.

अक्षरवेल :
टोमणा पोहोचला. कोठारातली माणसे नट होती, ती चित्रीकरणानंतर घरी गेली. गाय घरी गेली नाही. एवढा साधा फरक कळायला शेवटची पाटी वाचावी लागत नाही.

कोकणकडा :
सोव्हिएत दिग्दर्शकांना जनावरे मारण्याचे वावडे नव्हते, ही गोष्ट नवीन नाही. 'आंद्रेई रुब्लेव्ह'मध्ये जिन्यावरून कोसळणारा घोडा तारकोव्स्कीने कत्तलखान्यातून आणला होता आणि तो तसाही मरणारच होता, असे समर्थन आजही दिले जाते. मला ते समर्थन पटते. ज्याला पटत नसेल, त्याने निदान मटण खाणे सोडून मग बोलावे.

अक्षरवेल :
मी सोडलेले आहे. आता बोलू का? 'तसाही मरणारच होता' हे वाक्य ज्याला पटते, त्याला पुढे काय काय पटू शकेल, याची मला भीती वाटते. कॅमेऱ्यासाठी जिवंत प्राणी मारणे आणि पोटासाठी मारणे यांत ज्यांना भेद दिसत नाही, त्यांच्याशी मुलांच्या हक्कांवर चर्चा करणे व्यर्थ आहे.

कोकणकडा :
व्यर्थ असेल, तर करू नये. सक्ती नाही.

रानवारा :
गाईवरून दोघांचे भांडण जुंपले असले, तरी एक गोष्ट त्यातून आपोआप सिद्ध झाली आहे, ती म्हणजे गोळ्या खऱ्या होत्या याबद्दल कोणाचेही दुमत नाही. त्या प्रसंगात गाईच्या आडोशाला कोण पडले होते? चौदा वर्षांचा मुलगा. आता जुना प्रेक्षक यांनी सांगावे की, स्वतःच्या मुलाला त्यांनी त्या जागी पडू दिले असते का?

जुना प्रेक्षक :
नसते पडू दिले. मी माझ्या मुलाला गच्चीच्या कठड्यावरही बसू देत नाही. तरीही क्लिमोव्हला निष्काळजी ठरवणे चुकीचे आहे, कारण मुलाच्या मनावर परिणाम होईल ही चिंता त्याला आधीपासून होती. कठीण प्रसंगांपुरते मुलाला संमोहित करता येईल का, हेही त्याने पाहिले. पोरगा संमोहनाला दाद देईना, ही गोष्ट वेगळी.

रानवारा :
म्हणजे धोका आहे हे माहीत होते, त्यावरचा उपाय चालत नाही हेही कळले, आणि तरीही चित्रीकरण थांबले नाही. आपण बचाव पक्षाचे वकील आहात की सरकारी, याचा खुलासा व्हावा.

सोनचाफा :
मी सहसा लिहीत नाही, पण इथे राहवत नाही. माझी मुलगी लहान असताना एका मालिकेत काम करत होती. मालिकेचे नाव सांगणार नाही. रडण्याचा प्रसंग होता आणि तिला रडू येईना. दिग्दर्शकाच्या सहायकाने मला चहा प्यायला बाहेर पाठवले आणि मी परत आले तेव्हा मुलगी हमसून हमसून रडत होती. प्रसंग 'एका टेकमध्ये' झाला म्हणून सगळे खुश होते. घरी आल्यावर कळले की, तिचे आजोबा वारले आहेत, असे तिला सांगण्यात आले होते. त्या रात्री तिने आजोबांना फोन लावून तीनतीनदा आवाज ऐकला. आपल्याकडे 2017 पासून नियम आहेत की, मुलांकडून दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम घ्यायचे नाही, सलग तीन तासांनंतर विश्रांती द्यायची आणि कमाईचा पाचवा हिस्सा मुलाच्या नावे ठेवीत ठेवायचा. हे नियम आमच्या बाबतीत पाळलेही गेले. खोटे बोलून रडवू नये, असे मात्र कोणत्या कलमात लिहिणार? माझी मुलगी आज आनंदात आहे, शिकते आहे, आणि तरीही त्या माणसाला मी माफ केलेले नाही. त्यामुळे 'क्रावचेन्को पुढे मोठा नट झाला ना, मग झाले तर' हे वाक्य माझ्यासमोर कोणी बोलू नये.

जुना प्रेक्षक :
सोनचाफाताई, आपल्या मुलीशी जे घडले ते संतापजनक आहे आणि त्याचे समर्थन कोणीही करणार नाही. पण आपण स्वतःच जो भेद दाखवला, तोच माझा मुद्दा आहे. त्या सहायकाने मुलीला फसवले. क्रावचेन्कोला आपण कशावरचा चित्रपट करतो आहोत हे ठाऊक होते. पटकथा लिहिणारा आलेस आदामोविच स्वतः पोरवयात पार्टिझनांबरोबर, म्हणजे जर्मनांशी गनिमी लढा देणाऱ्यांबरोबर, होता आणि जळालेल्या गावांतून वाचलेल्यांच्या साक्षी त्याने पुढे गोळा केल्या होत्या.

सोनचाफा :
चौदाव्या वर्षी 'ठाऊक असणे' म्हणजे काय असते, हे मुले वाढवलेल्या माणसाला सांगावे लागू नये.

कोकणकडा :
मूळ प्रश्न कारकिर्दीचा होता, तेव्हा पुन्हा तिकडे वळतो. रशियन बालकलाकारांचे पुढे काय झाले याला एक नियम नाही. तारकोव्स्कीच्या 'इव्हान्स चाइल्डहूड'मधला निकोलाय बुर्ल्यायेव्ह घ्या. त्यानेच पुढे 'आंद्रेई रुब्लेव्ह'मध्ये घंटा ओतणाऱ्या बोरिस्काची भूमिका केली, स्वतः दिग्दर्शन केले, चित्रपट महोत्सव काढला आणि 2021 मध्ये तो दूमावर, म्हणजे रशियाच्या संसदेवर, निवडून गेला. 'गेस्ट फ्रॉम द फ्यूचर' या मालिकेतली आलिसा, म्हणजे नताशा गुसेवा, हिच्यावर सारा देश फिदा होता. तिने जीवरसायनशास्त्राची वाट धरली आणि अभिनय सोडला. 'द रिटर्न'मधला व्लादिमीर गारिन तर 2003 च्या जूनमध्ये तळ्यात बुडून गेला, आणि सप्टेंबरमध्ये त्या चित्रपटाला व्हेनिस महोत्सवात सुवर्णसिंह हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. यातून कोणता निष्कर्ष काढायचा तो काढा.

रानवारा :
बालकलाकार पुढे खासदार होणे हा पुनर्वसनाचा पुरावा मानायचा असेल, तर मी शरणागती पत्करतो. एक नाव मात्र आपल्या यादीत नाही. 'कम अँड सी'मधली ग्लाशा, म्हणजे ओल्गा मिरोनोव्हा, त्याच दलदलीतून गेली. तिच्यावर कोणी धागा काढत नाही, कारण ती पुढे पडद्यावर राहिली नाही. जे टिकले त्यांच्या मुलाखती वाचून आपण पद्धतीला प्रमाणपत्र देतो.

जुना प्रेक्षक :
हा मुद्दा बिनतोड आहे, हे नाइलाजाने लिहितो. आता माझाही एक मुद्दा ऐकावा. 'कम अँड सी'ने खरोखर कोणाची कारकीर्द संपवली असेल, तर ती क्लिमोव्हची. परवानगीसाठी त्याला कित्येक वर्षे थांबावे लागले, मधल्या काळात 1979 मध्ये पत्नी लारिसा शेपित्को मोटार अपघातात गेली, तिचा अपुरा चित्रपट त्याने पुरा केला आणि मग हा केला. 2003 मध्ये तो वारला, तोपर्यंत त्याने दुसरा चित्रपट केला नाही. जे शक्य होते ते सर्व करून झाले आहे, अशा अर्थाचे त्याचे बोलणे प्रसिद्ध आहे. पोरगा मात्र नटच झाला. आणि 2019 च्या 'द पेंटेड बर्ड'मध्ये, युद्धात भटकणाऱ्या एका मुलाला जवळ करणाऱ्या लाल सैन्यातल्या गाव्रिलाची भूमिका त्यानेच केली. मनात त्या जुन्या कामाविषयी नुसती जखमच असती, तर तसल्याच चित्रपटात, तसल्याच मुलासमोर पन्नाशीला आलेला माणूस कशाला उभा राहिला असता?

रानवारा :
कदाचित म्हणूनच उभा राहिला असेल, की त्या मुलाशेजारी या वेळी कोणीतरी जाणते माणूस असावे. हा माझा तर्क आहे, आपल्याही बाजूला तर्कच आहे. भूमिका कोणी कशासाठी स्वीकारली, हे आपण दोघे इथे बसून ठरवू शकत नाही. कदाचित त्याला पैसे हवे असतील.

जुना प्रेक्षक :
पैशाच्या शक्यतेवर आपले एकमत व्हायला हरकत नाही. आपण 'द पेंटेड बर्ड' पाहिलेला नाही, हे मात्र उत्तरावरून दिसते. आधी तो पाहा, मग बोलू.

रानवारा :
जवळपास तीन तासांचा आहे. रविवारी पाहतो. लेखातले ते एक वाक्य दुरुस्त करतो, बाकीचा लेख तसाच राहील.

अक्षरवेल :
त्यातही जनावरे मारली आहेत का, हे पाहून कळवावे. नसतील, तर मीही पाहीन.