रीमा लागू: 'सलमानची आई' ही ओळख मान की अन्याय?

तिसरी_घंटा
रीमा लागूचा विषय निघाला की कोणीतरी 'सलमानची आई' म्हणतंच, आणि माझं डोकं फिरतं. 'कयामत से कयामत तक'मध्ये (१९८८) ती जुही चावलाची आई झाली तेव्हा तिने तिशीही गाठली नव्हती. 'वास्तव'मध्ये (१९९९) संजय दत्तची आई. तो तिच्याहून जेमतेम वर्षाने लहान! मराठी रंगभूमीवर 'पुरुष'मध्ये नाना पाटेकरांसमोर अंबिका उभी करणारी, 'सविता दामोदर परांजपे'मध्ये प्रेक्षकांना खुर्चीला खिळवून ठेवणारी ही बाई. हिंदीवाल्यांनी तिला आरतीचं ताट दिलं आणि मोकळे झाले. वाया घालवली, सरळ मत आहे माझं.

गुळांबा
साफ असहमत. आधीच्या आया आठवा: पांढरी साडी, शिलाई मशीन, खोकल्याची उबळ. 'मैंने प्यार किया'त नवरा विरोधात जातो तेव्हाही ही सलमानची आई त्याच्या प्रेयसीच्या, सुमनच्या बाजूने असते, आणि ते रडून-भेकून नाही. मुलाची थट्टा करणारी, नटणारी, हसणारी आई हिंदी पडद्यावर रुजवली ती रीमाताईंनी. साच्यात बसवलं म्हणता, पण साचा बदलला कोणी?

तिसरी_घंटा
हसरी असो की रडकी, कथेत तिला स्वतःचं असं काय होतं? 'वास्तव'चा शेवट सोडा. तिथे मुलावर पिस्तूल झाडते ती आई, म्हणून ती भूमिका लक्षात राहते. बाकी ठिकाणी लग्न जमवायचं आणि बाजूला व्हायचं.

माजघर
तुम्ही दोघं सिनेमातच अडकलात. दूरदर्शन विसरलात की काय? 'श्रीमान श्रीमती'तली कोकी घ्या. आणि 'तू तू मैं मैं'! तिथेही सासूच, वय छत्तिशीच्या आसपास, पण गाडी तिच्यावर आणि सुप्रिया पिळगांवकरवरच चालायची. सुनेचं टोचून बोलणं झालं की रीमाची देवकी लगेच तोंड उघडत नाही. क्षणभर गप्प, मान किंचित तिरकी, आणि मग असा शेरा की समोरच्याचं तोंड बंद. ते टायमिंग नाटकातूनच आलेलं. (हल्लीच्या सासवा नुसते डोळे वटारतात, तेही तीनदा.)

जुना_पिट
ललिता पवारांचं बघा. १९४२ मध्ये शूटिंगच्या वेळी बसलेल्या थपडेने चेहऱ्याला अर्धांगवायू, डोळा अधू. नायिकेच्या कामांवर पाणी पडलं. पण पुढे चरित्र भूमिकांनी त्यांना 'अनाडी'साठी फिल्मफेअर दिलं आणि पार १९८७च्या 'रामायण'मधल्या मंथरेपर्यंत नेलं. नायिकांची चलती किती वर्षं टिकते? दुय्यम भूमिका म्हणून नाकं मुरडू नका, पोट आणि नाव दोन्ही त्यांनीच राखलं.

तिसरी_घंटा
पोटाचं मान्य, काका. पण ललिताबाईंना निदान खलनायकी करायला मिळाली, दात-ओठ खायला मिळाले. रीमाला सज्जनपणाच मिळाला. फिल्मफेअरची सहायक अभिनेत्रीसाठी चार नामांकनं, चारही आईच्या भूमिकांची, आणि बाहुली एकदाही नाही.

गुळांबा
बाहुलीवरून मोजायचं तर निम्मे थोर लोक बाद होतील. आणि सज्जन माणूस कंटाळवाणा न करता उभा करणं खलनायकीपेक्षा अवघड आहे, करून बघा.

माजघर
शिवाय खलनायकी मिळालीच नाही असं कुठंय? 'नामकरण'मधली दयावंती बघा. आईच, पण मुलाचं आयुष्य मुठीत ठेवू पाहणारी. मे २०१७ मध्ये रीमा गेली तेव्हा त्याच मालिकेचं काम चालू होतं.

तिसरी_घंटा
अठ्ठावन्नाव्या वर्षी मिळाली ना! हेच तर पहिल्यापासून सांगतोय.